मोबाइलमधली बाबांची पेटी

बाबांचा डावा हात लकव्याने गेला आणि पेटी मुकी झाली. उभं आयुष्य भजनात बुवा म्हणून बसलेला माणूस. उजव्या हाताची बोटं शाबूत होती, पण भाता मारायला हात नाही. दिवसभर उशीवर बोटं आपटत राहायचे. बघवत नसे.

म्हटलं, भात्याशिवाय वाजेल अशी पेटी करून देते. काय ती माझी अक्कल! एका दुपारी मी भाता धरला, बाबांनी एकेक पट्टी दाबली आणि मोबाइलवर रेकॉर्ड केलं. पण पेटी वाजवायच्या अ‍ॅपला त्या फाइली तशा चालेनात. लॅपटॉपवर प्रत्येक सूर कापायचा, पुढची-मागची खुडबुड काढायची, मधला तुकडा असा जोडायचा की पट्टी दाबून ठेवली तर सूर वाजतच राहील. मग सगळे सूर एका फाइलीत बांधायचे. दोनदा अ‍ॅप बंद पडलं, मी शिव्या घातल्या, पुन्हा बसले. शेवटी कणकवलीहून छोटा कीबोर्ड आणला, मोबाइलला जोडला आणि बाबांच्या मांडीवर ठेवला.

बाबांनी एक पट्टी दाबून धरली. सूर वाजत राहिला, ना चढ ना उतार. मग एक अभंग धरला आणि दुसऱ्या ओळीला सोडून दिला.

"पेटी माझीच आसा," ते म्हणाले, "पण मेलेली आसा गो. जीव भात्यात आसता."

असा राग आला मला! "आठ दिस डोळे फोडलंय मी, तेचा कायच नाय?"

त्यांच्या मांडीवरचा कीबोर्ड मीच उचलला.

राग ओसरल्यावर उजेड पडला. भाता तर मी मारू शकत होते! रोज अर्धा तास बाजूला बसले असते तरी पुरे होतं. उद्या बसू म्हटलं. काजू गोळा करायचे दिवस, उद्याचं परवा झालं. चौथ्या दिवशी दुसरा झटका आला आणि उजवा हातही गेला.

परवा मोबाइलमध्ये जागा करायला ती मूळ रेकॉर्डिंगं उघडली. एका फाइलीत बाबा सूर सोडून सरळ अभंगाला लागलेत. माझा भाताही आपसूक त्यांच्याबरोबर चाललाय, चढतोय, उतरतोय. जिवंत पेटी! एक ओळ पुरी होते न होते तोच माझा करवादलेला आवाज येतो, "बाबा, एकच सूर दाबा. बाकीचा माका नको."

आणि बाबा थांबतात.