माजिदनं हातानं लिहिलेला पत्ता

तीन माणसं एका माडीवर सात-आठ वर्षं बसली की किस्से साठवावे लागत नाहीत, पायाखाली खिळे सापडावेत तसे सापडत राहतात. आमच्या माडीवर खिळेही सापडायचे. खाली अप्पांचं लोखंडाचं दुकान होतं, अंबाजोगाईच्या बाजारात. बाजार खुला झाला, आता सगळं कॉम्प्युटरवर जाणार, असं अप्पांनी कुठंतरी ऐकलं आणि वरच्या माडीवरचे पत्रे हलवून तीन मशीन मांडली. एकावर मी, एकावर माझा जोडीदार माजिद. तिसऱ्यावर, म्हणजे सर्व्हरवर, गिऱ्हाइकाची वेबसाइट चालायची, तिला कुणी हात लावायचा नाही.

मित्र म्हणतात, कॉम्प्युटरच्या धंद्यात कसले आलेत किस्से? बसा, सांगतो. आमचे सगळे किस्से एका ओळीतून निघालेत.

ओळ अशी. साइट म्हणजे शेवटी एक फोल्डर. आपण कुठल्या फोल्डरमध्ये राहतो हे प्रोग्रामला माहीत पाहिजे, तरच त्याला यादी, फोटो, जे काय असेल ते सापडतं. सर्व्हरला विचारलं की तो स्वतःच सांगतो, घर अमुक ठिकाणी आहे म्हणून. माजिद विचारायचा नाही. डी ड्राइव्ह, मग साइटचं फोल्डर, असा सगळा पत्ता तो हातानं लिहायचा.

मी एकदा टोकलं. तो म्हणाला, "आपल्याच घराचा पत्ता लोकाला कावून इचारायचा बे?"

मला ते पटलं. आपल्यालाही तीच सवय होती म्हणून पटलं.

*

पहिलं मोठं काम गेवराईकडच्या एका डी.एड. कॉलेजचं. निवड यादी साइटवर लावायची, पोरांना यष्टीनं हेलपाटे नकोत. संस्थेच्या अध्यक्षांना ती साइट स्वतःच्या ऑफिसातल्या मशीनवरही पाहिजे होती. आम्ही तिघं गेलो, साइट टाकली, चालू केली. पडद्यावर आलं, पत्ता सापडत नाही. त्यांच्या मशीनला डी ड्राइव्हच नव्हता.

अध्यक्ष म्हणाले, "काय झालं?"

अप्पा म्हणाले, "साहेब, घर अंबाजोगाईलाच राहिलं."

सरळ गोष्ट होती, एक ओळ बदलायची. माजिदनं ओळ बदलली नाही, त्यांच्या मशीनला डी ड्राइव्ह करून दिला. त्या भानगडीत मशीनवरची अध्यक्षांची दहा वर्षांची भाषणं पुसली गेली. हारतुऱ्यांपासून श्रद्धांजलीपर्यंत सगळी. अध्यक्ष खुर्चीत बसून राहिले. त्यांचा ड्रायव्हर तेवढा बाहेर आम्हाला म्हणाला, "लई उपकार झाले."

*

परत आल्यावर अप्पांनी खालून स्क्रू-ड्रायव्हर आणला आणि तिन्ही कीबोर्डांवरचं डिलीटचं बटण उपसून काढलं.

"आजपासून इथं काहीच पुसायचं न्हाई. नवं पाहिजे तर नवं करा. जुनं आपल्या जागी ऱ्हाऊ द्या."

माउसनंही पुसता येतं हे आम्ही त्यांना कधी सांगितलं नाही. आणि खरं सांगू, आम्ही पुसलंही नाही. अप्पांचा धाक होताच, शिवाय अध्यक्षांचं ते तोंड आठवायचं. काही बदल करायचा झाला की आख्ख्या साइटची दुसरी प्रत करायची, सर्व्हरला सांगायचं की आता हिच्यावर चाल, आणि जुनी तशीच ठेवायची. साइट, नवी साइट, नवी साइट दोन, खरी नवी साइट. माणूस लग्नपत्रिका जपतो तशी आम्ही फोल्डरं जपली.

नवी प्रत सोमवारीच सुरू व्हायची, हाही अप्पांचाच नियम. मशीनसमोर नारळ, मॉनिटरवर बेलाचं पान. एकदा हळद कीबोर्डात गेली तर महिनाभर आमची बोटं नवरदेवासारखी.

*

आता शबाना. माजिदची धाकटी बहीण. वडिलांचा फळांचा गाडा होता, घरात बारावी झालेली ती पहिली. मार्क चांगले पडले होते. तिला मास्तरीण व्हायचं होतं आणि त्याच कॉलेजात अर्ज भरला होता. वडील वाईट नव्हते, पण त्यांनी एक वर्ष ठरवून दिलं होतं. यंदा नंबर लागला तर शीक, न्हाई लागला तर धारूरचं स्थळ आलंय, निकाह करून टाकू. पोरगी म्हणाली, मंजूर.

पहिल्या यादीत ती वेटिंगला पहिली. म्हणजे दुसऱ्या यादीत नंबर लागणारच. माजिद माडीवर पेढे आणायच्या गोष्टी करायला लागला.

ती रोज भावाचा डबा घेऊन यायची. तिला बघितलं की अप्पा स्वतः उठून खुर्ची द्यायचे. ती बसायची नाही. जिन्याजवळ उभी राहून विचारायची, "भाईजान, आली का?"

*

श्रावणातल्या पहिल्या सोमवारी आम्ही नवी प्रत केली. बदल बारीक होता. यादीच्या वर रोजची तारीख आपोआप यावी, म्हणजे लोकांना यादी ताजी वाटंल, ही माजिदची कल्पना. प्रत मी केली. कॉलेजच्या क्लार्कला फोन करून नव्या फोल्डरचा पत्ताही मीच दिला, दुसरी यादी आता इथं पाठवा म्हणून. क्लार्क टेलिफोनच्या तारेवरून फाइल थेट आमच्या मशीनवर सोडायचा, मध्ये आमचा हात नसायचा.

मंगळवारी माजिदनं त्याला फोन लावला.

"दुसरी यादी कधी लावताय?"

"लावली की सकाळीच. साइटवर बघा."

बघितली. वर मंगळवारची तारीख, खाली तीच नावं. शबाना वेटिंगला पहिली. एक नाव हललं नव्हतं.

माजिदनं परत फोन लावला. जरा नाव बघून सांगता का म्हणाला. क्लार्क म्हणाला, "फोनवर नाव सांगायचं न्हाई, साइट बघा म्हणायचं, हे तुमीच शिकवलं ना आमाला?" आणि ठेवून दिला.

खरं होतं. मी शिकवलं होतं.

बुधवारी तेच, गुरुवारी तेच, फक्त वरची तारीख बदलायची. मी म्हणालो, आतल्या आत जागा भरल्या असतील, संस्थावाल्यांचं काय खरं आहे. चार शिव्याही घातल्या. अप्पा म्हणाले, मी जाऊन येऊ का गेवराईला, अध्यक्षांचे पाय धरतो. माजिद म्हणाला, "नको अप्पा. वशिल्यानं गेली तर तिलाच आवडायचं न्हाई." पुढच्या सोमवारी हजर व्हायची मुदत संपली. शबाना त्या दिवशीही डबा घेऊन आली. माजिदनं मान हलवली. ती हूं म्हणाली आणि खाली गेली.

*

त्यानंतरच्या गुरुवारी धारूरची एक मुलगी माडीवर आली. सविता नाव. म्हणाली, अर्जाला जोडायला दुसऱ्या यादीचं स्वच्छ प्रिंट पाहिजे, माझं नाव लागलंय.

मी म्हणालो, बाई, नाव नाही तुमचं, तुम्ही वेटिंगला पाचव्या.

ती म्हणाली, "आहो, मी ॲडमिशन घेऊन आलेय." तिचे वडील साइटवर विश्वास ठेवणाऱ्यातले नव्हते. त्यांनी यष्टीनं जाऊन कॉलेजचा बोर्ड बघितला होता आणि यादीची झेरॉक्स आणली होती. तिनं ती माझ्यासमोर ठेवली. पहिलं नाव शेख शबाना.

मी नवं फोल्डर उघडलं. यादी तिथंच होती, मंगळवारी सकाळपासून. साइट नव्या फोल्डरवर चालत होती, आणि कोडातली ती हातानं लिहिलेली ओळ, जी प्रत करताना मी बदललीच नव्हती, जुन्या फोल्डरमधली जुनी यादी उचलून दाखवत होती. जुनं फोल्डर पुसलेलं असतं तर पहिल्याच दिवशी पडद्यावर चूक आली असती, पाच मिनिटांत सापडलं असतं. पण जुनं आपल्या जागी होतं, म्हणून चूक आलीच नाही.

माजिद माझ्या खांद्यावरून बघत होता. तो आपल्या मशीनवर जाऊन बसला आणि पत्त्याची ओळ काढून सर्व्हरला विचारायची ओळ लिहिली. अर्धं मिनिट लागलं असेल.

दुसऱ्या दिवशी आम्ही गेवराईला गेलो. जागा पुढच्या मुलीला गेली होती. अध्यक्षांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, "यादी तुमच्या मशीनवर होती?"

"होती साहेब."

"मग माझ्याकडं कशाला आलात?"

येताना यष्टीत माजिदनं माझा हात धरला. म्हणाला, "प्रकाश, शबानाला कळू द्यायचं न्हाई. नंबर लागला न्हाई, बस. तुला आईची आन." मी आन घेतली. अप्पांनीही घेतली.

*

दिवाळीच्या आधी निकाह झाला. जेवणाच्या पंगतीत तिचे वडील माझ्यासमोर येऊन बसले. म्हणाले, "तुमी आन माजिदनं लई केलं पोरीसाठी. रोज बघत होता मशीनवर. नशिबातच नव्हतं, तुमी तरी काय करणार?" आणि आग्रहानं ताटात वाढत राहिले. नको म्हणायची सोय नव्हती. मी सगळं खाल्लं. 

*

दोन वर्षांनी एका दुपारी शबाना माडीवर आली, कडेवर पोरगं घेऊन. माजिद एका बँकेत मशीन दुरुस्तीला गेला होता. या वेळी ती खुर्चीवर बसली. म्हणाली, "प्रकाशभाऊ, आमच्या गल्लीतल्या शाळेत नव्या बाई आल्यात. सविताबाई."

मी खुर्ची मशीनकडं ओढली.

"ती यादी दाखवता का?"

मी दाखवली. ती पडद्याजवळ वाकली. पहिल्या नावावर बोट ठेवलं आणि बराच वेळ तसंच ठेवलं. पोरगं माउसची वायर ओढत होतं, ते तिनं सोडवलं. मी काहीतरी बोलायला गेलो, माफी की काय मलाच माहीत नाही. ती म्हणाली, "ऱ्हाऊ द्या. फक्त भाईजानला सांगू नका, मला कळलंय म्हणून. तो जेवायचा न्हाई."

जिन्यावर पावलं वाजली. मी यादी बंद केली. माजिद आत आला, भाच्याला उचललं आणि तिला म्हणाला, "कवा आलीस? काय बघत होतीस?"

"काय न्हाई," ती म्हणाली. "ह्याला कॉम्प्युटर दाखवत होते."