तिरक्या दाताची ऑर्डर

"सरळ नको, डॉक्टर. प्लीज, सरळ नको," दुभाषी युको इंग्रजीत तिसऱ्यांदा म्हणाली.

खुर्चीत सत्तरीचे एक जपानी गृहस्थ तोंड उघडून बसले होते. दुबईच्या खाडीवर, क्रीकवर, जाहिरातीचं शूटिंग चालू असताना अब्रातून, म्हणजे क्रीक ओलांडणाऱ्या लाकडी बोटीतून, उतरताना ते आपटले. वरचा पुढचा दात अर्धा गेला. बर दुबईतलं माझं क्लिनिक जवळ, म्हणून त्यांना इथे आणलं.

गृहस्थ जपानी सिनेमातले विनोदी नट. नाव सांगत नाही, पेशंट आहेत. युकोने सांगितलं ते असं. तरुणपणी ते गंभीर भूमिका करायला आले. पहिल्याच सिनेमात मरणाचा प्रसंग होता. प्राण जाताना ओठ जरा उचलला गेला, शेजारच्या दातावर चढलेला तिरका दात दिसला आणि सगळं थिएटर हसलं. महिनाभर ते घराबाहेर पडले नाहीत. मग विनोदी भूमिकांची बोलावणी येऊ लागली. तेव्हापासून पोट त्याच दातावर, आणि आता तोच तुटला होता. चेहरा मख्ख ठेवायचा, काही बोलायचं नाही, ओठ हळूच उचलायचा. बस.

अलीकडे कामं आटली होती. ही जाहिरात खूप दिवसांनी मिळालेली. तिच्या प्रोड्यूसरचा फोन आला.

"डॉक्टर, दाँत पहले जैसा चाहिए. नहीं तो दूसरा ॲक्टर देखना पड़ेगा. परसों शूट है, यल्ला, जल्दी."

मी उरलेला दात घासून कॅपचं माप घेतलं. कॅप म्हणजे दातावर बसवायची टोपी. जुन्या फोटोसह ऑर्डर शेजारच्या अजमानमधल्या, कॅप बनवणाऱ्या लॅबला पाठवली. 'फोटोप्रमाणे तिरका' असं दोनदा लिहिलं.

शूटच्या सकाळी कॅप आली. सरळ. देखणी. मी लॅबच्या इक्बालभाईंना फोन लावला.

"फोटो में टेढ़ा था मॅडम, मैंने सीधा कर दिया. एक्स्ट्रा चार्ज नहीं है."

आजोबांनी ती तात्पुरती बसवून घेतली. आरशात बघितलं. उठून रिसेप्शनला गेले आणि आमच्या वसईच्या फ्लावियासमोर मख्ख चेहऱ्याने ओठ उचलला.

"व्हेरी नाइस, सर," फ्लाविया म्हणाली.

ते परत येऊन खुर्चीत बसले. मग काहीतरी पुटपुटले.

"म्हणतात, देखणा झालो," युकोने सांगितलं. "आता घरी जातो."

मला फार वाईट वाटलं. दात जाताना मी रोज बघते. दाताबरोबर माणूस जाताना पहिल्यांदाच बघत होते.

लॅबला परत पाठवायला वेळ नव्हता. मी कॉम्पोझिट घेतलं. हे साहित्य कणकेसारखं मऊ असतं आणि निळ्या लाइटखाली कडक होतं. दात हातानेच घडवायला घेतला, पण हात ऐकेना. जन्मभर सरळ करायची सवय. पहिला दात सरळच झाला. काढला. दुसरा जेमतेम तिरका. आजोबांनी आरशात बघून मान हलवली आणि अंगठ्याने हवेत खूण केली, अजून पुढे, अजून. तिसऱ्या वेळी मी डॉक्टरकी बाजूला ठेवली आणि फोटोतला दात जसाच्या तसा उतरवला.

पुन्हा रिसेप्शन. फ्लाविया फोनवर अपॉइंटमेंट देत होती. समोर गाल धरून बसलेले एक पेशंट. आजोबांनी ओठ उचलला.

फ्लावियाने फोनवर हात ठेवला, पण उशीर झाला होता. "आई गं! मॅडम, ह्यांना बघा ना!" म्हणत ती टेबलावर कोसळली.

"मत हँसाओ यार, दर्द होता है," गालवाले पेशंट कळवळून हसत होते.

आजोबांनी कमरेत वाकून दोघांना नमस्कार केला. डोळे भरले होते. चेहरा मख्खच.

शूट झालं. दुसरा ॲक्टर शोधावा लागला नाही. त्यांच्या परवानगीने मी क्लिनिकच्या भिंतीवर दोन फोटो लावले, फक्त ओठ आणि दात. 'बिफोर'मध्ये सरळ कॅप, 'आफ्टर'मध्ये तिरका दात. फोटो उलटे लागलेत, असं प्रत्येक नवा पेशंट फ्लावियाला सांगतो. धडा एवढाच, दुरुस्त करण्याआधी बिघडलंय का ते विचारावं.

परवा इक्बालभाई पार्सल द्यायला आले. मी आत होते. बाहेर येऊन बघते तर त्यांनी फोटोंची अदलाबदल केलेली. एक्स्ट्रा चार्ज लावला नाही.