आरशातल्या बाईचा चेहरा

इक्बालच्या बायकोचा, नसीमाभाभींचा फोन आला तेव्हा मी सांगलीत घरीच, त्याच्याच चित्रपटाच्या संकलनाला बसले होते. "ताई, इक्बाल गेले," एवढंच त्या म्हणाल्या. पडद्यावर वडूजपलीकडच्या गावातलं देऊळ थांबलेलं होतं. पुढं काय करायचं, मला सुचेना...

आमची ओळख चित्रकलेच्या वर्गातली. रहिमतपूरहून आलेला हा मुलगा स्वतः चित्रं कमी काढायचा, दुसऱ्यांची बघत बसायचा. पुढं त्यानं कॅमेरा घेतला आणि आयुष्यभर चित्रांवरच माहितीपट केले. मी ते जोडायचे. एकेका चित्रावर तो कॅमेरा इतका वेळ ठेवायचा की मी वैतागायचे. "लोक उठून जातील रे." तो हसायचा. "जाऊ देत की. चित्र कुठं जातंय?"

या वेळची चित्रं मात्र गेली. पडद्यावरच्या त्या देवळाच्या सभामंडपात भिंतभर जुनी चित्रं होती : हत्ती, कुस्ती खेळणारे मल्ल, आणि कोपऱ्यात आरशात बघणारी एक बाई. इक्बाल तिच्यावर खुळावला होता. शेवटच्या दिवशी सगळं चित्रित झालं, फक्त तिचा चेहरा राहिला. दुपारचं ऊन भिंतीवरून परतून तिच्या डोळ्यांवर येत होतं. "सकाळच्या उजेडात घिऊ. परत येऊ की," तो म्हणाला. परतीच्या वाटेवरच त्याच्या पोटात कळ आली. तपासण्या झाल्या तेव्हा कर्करोग यकृतापर्यंत पोचलेला होता.

तो सांगलीच्या दवाखान्यात असताना कळलं की जत्रेआधी देऊळ रंगवणार आहेत. मी धावत गेले. थोडं थांबा म्हणून हात जोडले. पंचांपैकी एक म्हातारबाबा समजुतीनं म्हणाले, "आवं ताई, भितीला ओल आलीया, पोपडं पडत्यात. देवाचं घर असं ठिवायचं व्हय?" त्यांचंही खोटं नव्हतं. रंगारी शिडीवर चढलेला होता. हत्ती तर पुसलेच होते, तो कोपराही.

इक्बालला मी खरं तेच सांगितलं. 

"ती बाई पण?"

"हो."

"मी तिचा चेहरा घेतलाच न्हाई गं..."

 त्यानंतर तो चित्रपटाबद्दल कधीच बोलला नाही.

परवा रहिमतपूरला त्याच्या खोलीत भाभींबरोबर सगळं चित्रण पुन्हा पाहिलं. चेहरा कुठंच नाही. एका तुकड्यात मात्र मल्लांच्या अंगावरून एका हाताची सावली हलते. दिवा डावीकडं घ्या, असं तो खुणावत असावा. असले तुकडे आम्ही काढून टाकतो. माझा हात सवयीनं तो काढायला गेलाही.

"ऱ्हाऊ द्या, ताई," भाभी म्हणाल्या. "त्यांचाच हात हाय."

ठेवलाय. त्याच्यापुढं काय जोडायचं, ते अजून कळत नाही.