दसरूचं कडं

नागपूरचा एप्रिल म्हणजे दुपारी दोननंतर कावळासुद्धा झाडाबाहेर डोकं काढत नाही. सगळी गल्ली झोपलीय, पण कुमुदबाई देवपुजारींना झोपायची चोरी आहे. समोर दहाव्या पुस्तकाची शेवटची प्रुफं पडलीत आणि पाच वाजता छापखान्याचे भोयर ती न्यायला येणार आहेत. नऊ जंगलपुस्तकं ज्यांनी हसतखेळत लिहिली, त्या बाई सकाळपासून एका ओळीपाशी अडून बसल्यात. ओळ तशी साधीच आहे: ‘दसरूने ठसा पाहिला आणि म्हणाला, शिळा आहे बाई, चला पुढे.’

या ओळीनंतर अस्वल येतं आणि दसरू कोडापे मरतो. खरोखरच मेला तो, गेल्या वर्षी मोहफुलांच्या दिवसांत. पंचवीस वर्षं बाईंच्या पुढे चालणारा माणूस. तो म्हणेल तिथे पाय टाकायचा आणि तो थांबला की श्वाससुद्धा रोखायचा, असा त्यांचा शिरस्ता होता.

आणि आज सकाळीच त्याच्या मुलीचा, सुगरताचा फोन आला. गावची समिती जंगल दाखवायला वाटाडे निवडतेय आणि पोरीनं नाव दिलंय. “पण बाई, बाबा गेले त्या दिवसाचा तुमचा लेख दिवाळी अंकात आला तवापासून लोक म्हणतात, जिच्या बापाले ताजा ठसा समजला नाही तिच्या मागं कोण जाईल? आता तं पुस्तकात येणार म्हणे. तुमी तिथंच होत्या ना? बाबा चुकले का जी? एवढंच सांगा.”

“आवाज नीट येत नाहीये गं,” बाई म्हणाल्या आणि फोन ठेवून दिला. आवाज लख्ख येत होता.

तेव्हापासून घास उतरला नाही. कूलरच्या ओल्या वाळ्याचा वास खोलीभर पसरलाय, प्रुफावरची अक्षरं जरा जरा सरकतायत. झोपले नाहीये मी, नुसते डोळे मिटलेत, असं बाई स्वतःला बजावतात. वाळ्याचा वास हळूहळू नाल्यातल्या गाळाचा होतो.

“बाई, चाय.”

दारात दसरू उभा आहे. अनवाणी, खांद्यावर पंचा, हातात ती नेहमीची बांबूची काडी. येऊन कूलरपाशी उकिडवा बसतो, शेकोटीपाशी बसावा तसा. बाईंना नवल वाटत नाही. भीती तेवढी वाटते, तळपायापासून.

“तू कधी आलास दसरू?”

“आत्ताच. पोरगी म्हणे, बाईले ऐकू येत नाही आताशा. म्हटलं पाहून येऊ.”

चहा घ्यायला बाई हात पुढे करतात तर हातात कप नाही, माइक आहे. पुस्तक प्रकाशनाचं सभागृह आहे हे, पण खुर्च्यांमधून सागाची झाडं वर गेलीत आणि जमिनीवर घोटाभर पाचोळा. लोक टाळ्या वाजवतायत. नाही, पाचोळाच वाजतोय. शेवटच्या रांगेतून दसरू उठतो.

“बाई, पयलं पुस्तक काढा. वाघीण पान्यावर येणार, हे कोणं वळखलं?”

पुस्तक बाईंच्या हातात उघडंच आहे. त्या वाचतात, “‘मी ओळखले.’”

“आन् खरं कोणं वळखलं होतं?”

“तू.”

“चौथं काढा. बिबट्या मागं नाही, झाडावर हाय, हे कोणाच्या ध्यानात आलं?”

“‘माझ्या ध्यानात आले.’” बाई पुस्तक मिटतात. “दसरू, अरे लिहायची एक रीत असते. वाचकाला पुढे चालायला एकच माणूस लागतो.”

“हाव. पोरगी वाचून दाखवे ना मले. म्हणे, बाबा, हे तं तुमी म्हटलं होतं, बाईनं कायले आपल्या नावावर घेतलं? म्या म्हटलं, राहू दे वं, मले का वाचता येते? मी हासत होतो बाई. खरंच सांगतो, राग नाही आला.” तो काडी मांडीवर आडवी ठेवतो. “पण नऊ पुस्तकांत माग तुमीच काढला ना?”

“हो रे बाबा, हो.”

“मग दहाव्यात म्या काहून काढला?”

पाचोळा वाजायचा थांबतो. सगळं सभागृह मान वळवून बाईंकडे बघतंय. बरोबर आलं ते सगळं ‘मी’, आणि चुकलं तेवढं ‘दसरू’. शी! पंचवीस वर्षांत हे एकदाही मनाला शिवलं नव्हतं. माइक खाली टाकायला बाई बोटं उघडतात, तर तो हाताला चिकटल्यासारखा सुटतच नाही.

“चला,” दसरू म्हणतो.

व्यासपीठाच्या पायऱ्या उतरतात त्या थेट नाल्यात. तीच सकाळ आहे. मोहाचा गोड दर्प, वाळूत पाणी नावाला. नको, इथे नको, बाई म्हणतात, पण पाय चालतायत. दसरू वाकतो आणि वाळूतल्या ठशाभोवती काडीनं कडं ओढतो, कुणाचा पाय पडून ठसा मोडू नये म्हणून. कडं तो कधीच पुरतं मिटवत नाही. जनावर जिकडे गेलं ती बाजू उघडी सोडायची. मिटवलं तर जनावर कोंडतं आणि आपल्यावरच उलटतं, असं त्याचा बाप सांगायचा.

“ताजा हाय,” तो म्हणतो. “वाळू अजून ढासळून राहिली पाहा. मादी हाय, संगं पिल्लं. फिरा माघारी बाई.”

फिरूया, चल फिरूया! बाई जिवाच्या आकांतानं म्हणू पाहतात. तोंडातून मात्र तेच बाहेर येतं, शब्द न् शब्द: “दहा पावलं दसरू, फक्त दहा. पुस्तकाचा शेवट अजून हाती लागला नाहीये माझ्या.” त्या दोन्ही हातांनी तोंड गच्च दाबतात. आवाज येतच राहतो, बगलेतल्या प्रुफांमधून येतो. फक्त दहा. फक्त दहा.

दसरू त्यांच्याकडे बघतो. त्या दिवशीही बघितलं होतं त्यानं, अगदी असंच. मग तो पुढे होतो.

“जाऊ नकोस रे! पाया पडते तुझ्या!”

“तुमी का ऐकणार होत्या? एकट्याच गेल्या असत्या. मग म्याच पुढं झालो.”

“मला माफ कर.”

“माफी घेऊन मी तिथं काय करू जी?” तो मागे न बघता म्हणतो. “पोरीले जंगलात जाऊ द्या. माग काढते ती. माह्यापेक्षाही चांगला काढते.”

“लोक म्हणतील सगळीच पुस्तकं खोटी. तोंड दाखवायला जागा राहणार नाही मला. या वयात मी काय करू, सांग ना!”

बाईंना वाटतं, आता हा नेहमीसारखा म्हणेल, जाऊ द्या बाई, होते असं. तो तसं म्हणत नाही.

“म्हणतील ना,” तो म्हणतो आणि करवंदीच्या जाळीआड जातो. जाळी हलते. बाई पळतायत, त्या दिवशीसारख्याच पाठ फिरवून पळतायत, आणि मागून त्याची हाक येते, एकदा, दोनदा, आणि तिसऱ्यांदा ती हाक नसते, दारावरची घंटा असते.

पाच वाजलेत. कूलर घरघरतोय. गाल टेबलावर, मान अवघडलेली, ब्लाउज घामानं चिंब. भोयर असणार. “आले, आले,” बाई ओरडतात आणि प्रुफं गोळा करू लागतात.

तिथेच हात थबकतो.

त्या ओळीत ‘दसरूने’ या शब्दाभोवती एक कडं आहे. शाईचं नाही. पेनाचं टोपण तर घट्ट बसलेलं आहे. कागदच दबलाय, बोथट काडीनं वाळूत ओढावं तसा. बाई बोट फिरवतात. बोटाला खोबण लागते. एका बाजूला कडं मिटलेलं नाही. ती उघडी बाजू पानाच्या खालच्या अंगाला आहे, जिथे बाई बसल्यात तिकडे.

घंटा पुन्हा वाजते. बाई उठत नाहीत. आधी पेनाचं टोपण काढतात, अख्खी ओळ खोडतात आणि खाली लिहितात: ‘दसरू म्हणाला, ताजा आहे, माघारी फिरा. मी ऐकले नाही.’

“बाई, आहात ना घरात?” भोयर बाहेरून विचारतात.

“थांबा हो जरा!”

एका हातानं फोन कानाला लावलेला आहे आणि दुसऱ्या हाताचं बोट त्या खोबणीतच आहे. पलीकडे सुगरता हॅलो म्हणते.

“येतोय गं आवाज,” कुमुदबाई म्हणतात. “सकाळीही येत होता.”