पंचवीस ऑक्टोबरचा फर्मा

मोंतेरुबाल्दो गावात माणसाची पारख चेहऱ्यावरून कुणी करत नाही, पावलांवरून करतात. दर दुसऱ्या घराच्या गॅरेजमध्ये गाडीऐवजी जोडे शिवायचं मशीन, आणि गल्लीभर सोल्युशनचा वास. अशा गावात इलेनिया मार्झेत्ती जन्मली, आणि तिच्या बाप्तिस्म्याला आलेल्या बायका म्हणून गेल्या की एवढी सुंदर पावलं या डोंगरावर आजवर झाली नाहीत. त्यातलं उजवं पाऊल आता ओल्या हवेत फरफटतं. ते कसं झालं हे सगळ्या गावाला ठाऊक आहे, असं गावाला वाटतं.

इलेनियाची आई निवेस चौदाव्या वर्षापासून जोड्यांचे वरचे भाग शिवत आली. नवरा सवेरिओ ट्रकवर, महिन्यातले वीस दिवस जर्मनीच्या वाटेला. म्हणजे घरात बोलणारी माणसं दोनच, आणि त्यातलं एक सतत मशीनवर. सहा वर्षांची इलेनिया शेजारच्या पोरींबरोबर गावातल्या जिममध्ये गेली आणि हातात फीत घेऊन परत आली. काठीला बांधलेली ती लांबलचक रेशमी फीत ती अंगणात अशी काही नाचवायची, की फीत जमिनीला टेकायची नाही. निवेसनं मशीन थांबवून पाहिलं. आता निवेसनं मशीन थांबवणं म्हणजे काय, ते तिच्या शेजारणींना विचारा. पोटात कळा सुरू झाल्या तेव्हासुद्धा या बाईनं हातातली जोडी पुरी केली होती.

तालावरच्या या जिम्नॅस्टिक्समध्ये बूट नसतात. नुसता चवडा झाकणारा अर्धा जोडा असतो, टाच उघडी. दुकानातला जोडा पायाला धड बसत नाही, म्हणून निवेस लेकीचे जोडे घरीच शिवायची. दर सहा महिन्यांनी पाऊल मांडीवर घ्यायचं, कागदाच्या पट्टीनं मापायचं, फर्म्यावर, म्हणजे पावलाच्या आकाराच्या लाकडी साच्यावर, जिथं पाऊल वाढलं असेल तिथं चामड्याचा तुकडा चिकटवून रापीनं तासायचा, आणि फर्म्याच्या कडेला पेन्सिलीनं तारीख टाकायची. ही गावची रीत. माणूस खोटं बोलेल, फर्मा नाही, असं जुने कारागीर म्हणत.

दुसरी रीत सान क्रिस्पिनोची. जोडे करणाऱ्यांचा हा संत, आणि पंचवीस ऑक्टोबरला त्याचा सण, गावभर मिरवणूक. त्या दिवशी चामडं टोचायच्या अरीला हात लावायचा नाही. लावलाच, तर ती अरी वर्षाच्या आत घरच्याच माणसाला टोचते म्हणतात. निवेस महिनोन्महिने चर्चची पायरी चढायची नाही, पण ही रीत तिनं पाळली. निदान सगळे असंच समजत होते.

चौदाव्या वर्षी इलेनियाला राष्ट्रीय संघाच्या शिबिरात बोलावणं आलं, पार उत्तरेला. गावानं बँड लावला. तिथं गेल्यावर बँड संपला आणि वजनकाटा सुरू झाला. सकाळी सातला पोरी काट्यापुढे रांगेत उभ्या. घोटभर पाणीसुद्धा वजनानंतर. मुख्य प्रशिक्षक ब्रेन्नाबाई हातात वही घेऊन उभी, आवाज कधी चढवायची नाही, आणि म्हणूनच पोरी तिला जास्त टरकायच्या.

"तीनशे ग्रॅम वाढलीस, इलेनिया. काल आईकडून पार्सल आलं होतं वाटतं?"

"पार्सलात जोडे होते, बाई."

"मग काय जोडे खाल्लेस?"

सगळ्या पोरी हसल्या. इलेनियाही हसली, आणि तिनं दिवसभर काही खाल्लं नाही. अशी पाच वर्षं गेली. ती पाच वर्षं मुलीनं कशी काढली, ते आपण गावात बसून टाळ्या वाजवणाऱ्यांनी न बोललेलंच बरं.

संघ पाच जणींचा. सहावी बाकावर बसते आणि पाचांपैकी कुणाचं तरी काही मोडायची वाट पाहते. पाहत नाही म्हणते, पण पाहते. इलेनिया स्वतः दोन वर्षं सहावी होती, म्हणून तिला हे पक्कं ठाऊक होतं. अठराव्या वर्षी ती पाचांत आली. एकोणिसाव्या वर्षी, ऑलिंपिकच्या आदल्या सप्टेंबरात, उजव्या पावलाच्या बाहेरच्या कडेला, करंगळीच्या मागं काहीतरी दुखायला लागलं. तिनं मलम चोळलं, पट्टी बांधली आणि दुखणं अंगावर काढलं. डॉक्टरकडे जायचं म्हणजे हाडाचा फोटो काढायचा, फोटो म्हणजे सुट्टी, आणि सुट्टी म्हणजे बाक.

त्या ऑक्टोबरात ती सणाला दोन दिवस घरी आली. टेबलावर मटण भरून तळलेली ऑलिव्हं होती. तिनं दोन खाल्ली, तिसरं परत ठेवलं. निवेसनं ते पाहिलं आणि तिचं पाऊल मांडीवर घेतलं. ऑक्टोबरचं माप दरवेळी सणाच्या आदल्या संध्याकाळीच व्हायचं. कागदाची पट्टी फिरली, मग निवेसचा अंगठा कडेवरून सरकत करंगळीच्या मागं येऊन थांबला. इलेनियानं श्वास रोखला.

"दुखतं का गं?"

"नाही गं आई."

"बरं."

झालं, एवढंच बोलणं. सव्वीस तारखेच्या सकाळी लेक शिबिराच्या गाडीत बसली. तिच्या पिशवीत नवे जोडे होते, आणि ते घातले तर निम्मं दुखणं पळालं. तिनं तिथूनच फोन केला.

"आई, जादूटोणा केलास काय! पायात काही घातलंय असंच वाटत नाही!"

"माप नीट घेतलं, दुसरं काय," निवेस म्हणाली.

त्या जोड्यांवर इलेनियानं अख्खा हिवाळा काढला. मार्च महिन्यात ऑलिंपिकच्या पाच जणी नक्की होणार होत्या. शेवटच्या चाचणीत ती उंच उडाली, हवेत फेकलेलं कडं पाठीमागं झेललं, आणि उजव्या पायावर उतरली. काडकन आवाज झाला. तो पहिल्या रांगेपर्यंत ऐकू गेला. ब्रेन्नाबाईनं वहीतून मान वर केली आणि बाकावरच्या सहावीला म्हणाली, "तू अंग मोकळं कर."

हाडात खिळा घालावा लागला. शस्त्रक्रिया करणारा डॉक्टर म्हणाला, "हे सहा महिन्यांपासून फुटलेलं आहे. कुणालाच कसं दिसलं नाही?" दिसलं होतं. हळूहळू सगळं बाहेर आलं. मालिश करणाऱ्याला ठाऊक होतं, ब्रेन्नाबाईला ठाऊक होतं, खोलीतल्या मैत्रिणीलासुद्धा ठाऊक होतं. सगळ्यांची तोंडं बंद, कारण झाकली मूठ सव्वा लाखाची. इलेनियानं एकेकाचं नाव आयुष्यातून खोडलं. मैत्रिणीनं पाठवलेली पत्रं न फोडता चुलीत घातली. ज्याला ठाऊक होतं आणि जो गप्प बसला, तो मेला, असा तिचा हिशेब होता. त्या हिशेबातून एकच माणूस सुटलं होतं, ती आई.

ऑलिंपिक आलं आणि गेलं. पोरींनी पदक आणलं. गावच्या बारमध्ये लोकांनी ते टीव्हीवर पाहिलं आणि इलेनिया आत आली की आवाज बंद केला. पुढची दोन वर्षं फार वाईट गेली. ती कधी चार दिवस जेवायची नाही, कधी उभ्या उभ्या अख्खा पाव संपवून रडत बसायची. जगायचं कशासाठी, असं ती आईला रोज विचारायची, आणि तिच्या आवाजावरून ते नुसतं विचारणं नाही हे कळायचं. निवेसनं मशीन बंद केलं आणि लेकीच्या पलंगाशेजारी जमिनीवर गादी टाकली. खिडकीच्या कडीला तिनं कुलूप घातलं. त्या अंधारात इलेनियाला धरायला एवढाच दोर होता, की निदान आईनं मला फसवलं नाही.

तो दोर धरून ती वर आली. गावच्याच जिममध्ये शिकवायला लागली. आता ती अठ्ठावीस वर्षांची आहे.

गेल्या हिवाळ्यात तिच्या पाच पोरी पहिल्यांदा प्रांताच्या स्पर्धेला निघाल्या. पाचच, सहावी नव्हतीच. रविवारी स्पर्धा, आणि गुरुवारी अकरा वर्षांची व्हिओला, पाचांतली सगळ्यात चपळ, उडी मारून उतरताना किंचित वाकडी उतरली. असलं वाकडं उतरणं इलेनियाइतकं कोण ओळखणार. तिनं तिला बाकावर बसवलं, पाऊल मांडीवर घेतलं आणि अंगठा फिरवला. पाय झटक्यात मागं गेला.

"दुखतं?"

"नाही बाई. अजिबात नाही. आईशप्पथ."

पोरीचे डोळे भरून आले होते. बाकीच्या चौघी फिती हातात धरून बघत होत्या.

"बरं," इलेनिया म्हणाली.

तिला वाटलं, जोडा जरा त्या जागी ऐसपैस करून दिला की रविवार निघून जाईल. फक्त रविवार. सोमवारी डॉक्टरकडे नेऊ. ती घरी आली आणि फर्मा शोधायला थेट गॅरेजमध्ये गेली. निवेसच्या डोळ्यांत आता काचबिंदू, ती तिकडे फिरकत नसे. फळीवर इलेनियाचेच फर्मे लहानापासून मोठ्यापर्यंत ओळीनं मांडलेले होते. व्हिओलाच्या मापाचा तिनं उचलला, आणि उचलताना शेवटचा, सगळ्यात मोठा, हाताला लागला.

त्याच्या बाहेरच्या कडेला, करंगळीच्या मागं, अंगठ्याच्या नखाएवढा चामड्याचा तुकडा होता. इतका सुरेख तासलेला की बोट फिरवलं तरच कळावा. बरोबर तिच्या हाडातल्या खिळ्याच्या जागी. इलेनियानं फर्मा दिव्याखाली धरला. कडेला आईच्या अक्षरात तारीख होती, त्याच वर्षाची, पंचवीस ऑक्टोबर.

म्हणजे सणाच्या दिवशी, सगळं गाव मिरवणुकीत असताना, आई एकटी इथं बसली होती. साधं माप वाढलं म्हणून कुणी तो दिवस मोडत नाही. इलेनिया तिथंच खाली बसली. मग उठून स्वयंपाकघरात गेली आणि परातीत शेंगा सोलत बसलेल्या आईच्या हातात तिनं तो फर्मा दिला.

निवेसला दिसत नव्हतं. तिनं बोटं फिरवली, आणि अंगठा त्याच जागी येऊन थांबला.

"तुला ठाऊक होतं," इलेनिया म्हणाली.

"हो."

"फुटलंय हे पण?"

"चाळीस वर्षं पाय हाताळलेत मी. अंगठ्याखाली हाड हललं."

"आणि तू जोडा शिवलास!"

"तू म्हणालीस, दुखत नाही."

"मी एकोणीस वर्षांची होते, आई! मी खोटंच बोलणार होते!"

"ओरडू नकोस." निवेसनं फर्मा परातीत ठेवला. "काय करू मग? त्या बाईला फोन करून सांगू? तुझी जागा गेली असती. तू म्हणाली असतीस, सख्ख्या आईनं माझा गळा कापला. एक ऑलिव्ह पोटात ढकलायला तुला भीती वाटायची. तिथं दुसरं काय होतं तुझ्याकडे? आणि मला दुसरं काय येतं? मला जोडा शिवता येतो. तो मी शिवला."

"दोन वर्षं माझ्या पलंगापाशी झोपलीस. तेव्हा तरी सांगायचंस."

"तेव्हा सांगितलं असतं, तर तू उठलीच नसतीस."

हे खरं होतं, आणि इलेनियाला त्याचाच सगळ्यात जास्त संताप आला. आपलेच दात, आपलेच ओठ. रागवायचं तरी कुठून सुरू करायचं? तिच्या दुसऱ्या हातात अजून व्हिओलाच्या मापाचा फर्मा होता.

निवेसनं तो चाचपला. "लहान आहे. हा कुणाचा?"

"व्हिओलासाठी घेतलाय."

"दुखतं म्हणाली का ती?"

"नाही म्हणाली."

"आणि तू?"

इलेनियानं फर्मा टेबलावर ठेवला आणि व्हिओलाच्या घरी फोन लावला. फोटो काढा, रविवारचं विसरा, असं तिनं तिच्या आईला सांगितलं. मागून व्हिओलानं फोन हिसकावून घेतला आणि ती किंचाळली. तिचा आवाज निवेसलासुद्धा ऐकू गेला.

"तुम्ही लंगड्या आहात ना, म्हणून आम्ही पण कुठं जायचं नाही! मला तुमचं तोंड बघायचं नाही, कधीच नाही!"

चार जणींचा संघ कुणी घेत नाही. नाव मागं घ्यावं लागलं. फोटोत हाड फुटलेलं निघालं नाही, नुसती सूज होती, त्यामुळे तर गाव आणखीच पेटलं. एवढ्याशासाठी पाच पोरींचं वर्ष घालवलं, असं बेकरीत तिला ऐकू जाईल अशा बेतानं बोलणं झालं. पाचांतल्या तिघींनी दरीपलीकडच्या गावात नाव घातलं. व्हिओला त्यात पहिली.

रविवारी, स्पर्धेच्या वेळेला, मायलेकी स्वयंपाकघरात समोरासमोर बसल्या होत्या. तीन दिवस एकमेकींशी कामापुरतंच बोलणं झालं होतं.

"बघितलंस ना," निवेस म्हणाली. "मी सांगितलं असतं तर तूही अशीच ओरडली असतीस."

"ओरडले असते."

"माझं तोंड पाहिलं नसतंस."

"जन्मभर पाहिलं नसतं," इलेनिया म्हणाली. "पण धडधाकट दोन पायांनी चालत गेले असते, आई. तुला सोडून गेले असते, पण चालत गेले असते."

थोड्या वेळानं इलेनिया उठली, पाय ओढत चुलीपाशी गेली आणि तिनं आईचं ताट वाढलं, कारण आईला आता दिसत नाही, बाप ट्रकवर, आणि वाढायला दुसरं कुणी नाही.