आदल्या दिवशीची टर्की

उल्हासराव आमच्याकडे विरजण मागायला यायचे, तेव्हा त्यांच्या फ्रिजमध्ये दही असायचं. हे मला माहीत होतं, माझ्या बायकोला, सुजाताला माहीत होतं, आणि आम्हाला माहीत आहे हे बहुधा त्यांनाही माहीत होतं. तरी सुजाता दर वेळी वाटीत चमचाभर दही घालून द्यायची, आणि ते ती वाटी हातात धरून तासभर दारातच गप्पा मारत उभे राहायचे. "अहो, आत तरी या," म्हटलं की म्हणायचे, "नको नको, निघालोच."

इथे आखातात, एगैलातल्या एकाच इमारतीत, एकाच मजल्यावर आम्ही राहत होतो. रोज सकाळी माझ्या गाडीतून दोघं मीना अल-अहमदीच्या रिफायनरीत जायचो. मी अकाउंट्समध्ये, ते इन्स्ट्रुमेंटेशनचे, म्हणजे मोजमापाच्या यंत्रांचे, इंजिनीअर, मूळचे नाशिकचे. उल्कावहिनी होत्या तोवर या माणसाने घरातला गॅससुद्धा कधी पेटवला नव्हता. त्या गेल्या आणि अब्बासियातल्या मेसचा डबा सुरू झाला. संध्याकाळी परत येताना खालून त्यांच्या खिडकीत उजेड दिसायचा. एकदा मी म्हणालो, "लाइट चालू राहिला वाटतं तुमचा." तर म्हणाले, "मीच ठेवून जातो. अंधाऱ्या घरात शिरायला नको वाटतं."

त्यांची एकुलती एक मुलगी स्पृहा. इथेच वाढली, इथेच शाळा झाली, आता नोकरी आणि नवरा दोन्ही कॅनडात, कॅलगरीला. उल्हासराव येत्या मार्चमध्ये निवृत्त होणार होते. नोकरी संपली की इकामा, म्हणजे इथे राहायचा परवाना, संपतो, आणि इकामा संपला की या देशात आपलं काही उरत नाही, मग तुम्ही कितीही वर्षं इथे घाम गाळलेला असो. नाशिकला गंगापूर रोडवर त्यांचा फ्लॅट होता, कुलूपबंद. तिथे एकट्याने जाऊन राहणं त्यांना नको होतं. त्यांना एकच हवं होतं. स्पृहाने म्हणावं, बाबा, तू आमच्याकडे ये.

"मग विचारा ना सरळ!" मी गाडी चालवता चालवता ओरडायचो. "मुलगी आहे ती तुमची, कंपनीची एमडी नाही."

"विचारलं तर ती नाही म्हणणार नाही, प्रतापराव. तेच तर नकोय. म्हाताऱ्याला ठेवून घ्यावं लागलं, असं व्हायला नको. तिचं तिला दिसलं पाहिजे की बाबा आला तर ओझं होणार नाही." आणि वर मलाच बजावलं, "तुम्ही तिला यातलं अवाक्षर बोलायचं नाही. माझी शपथ आहे."

शपथा घालणारी माणसं माझ्या डोक्यात जातात. पण घातली खरी, आणि मीही 'बरं' म्हणून बसलो.

अशात कळलं की स्पृहा डिसेंबरात येतेय. हिबा नावाच्या शाळेतल्या मैत्रिणीचं लग्न होतं, त्यासाठी चार दिवस. नवऱ्याला, आलोकला, रजा नव्हती. एकटीच येणार होती. बाकीचे दिवस लग्नाचे, मुक्कामही हिबाकडेच, पण नाताळची संध्याकाळ तिने बाबांसाठी राखून ठेवली होती. कॅलगरीला ती दर नाताळला टर्की करते, मित्रमंडळींना जेवायला बोलावते. त्याचे फोटो उल्हासराव मला प्रत्येक सिग्नलला दाखवायचे. या वेळी टर्की आपण करायची, असं त्यांनी ठरवलं. आणि तीही आधीच करून ठेवायची. पंचवीस डिसेंबरला इथे कामाचा दिवस असतो. दिवसभर रिफायनरीत आणि संध्याकाळी घामाघूम होऊन ओव्हनपुढे, असला बाप त्यांना मुलीला दाखवायचा नव्हता. तिने बेल वाजवली की आपण इस्त्रीच्या शर्टात दार उघडायचं, हा त्यांचा बेत.

मग तालमी सुरू झाल्या. ऑक्टोबरात त्यांनी आमच्या भागातल्या जमियातून, म्हणजे सहकारी दुकानातून, एक गोठलेली टर्की उचलून आणली. ती फ्रिजमध्ये मावेना, म्हणून त्यांच्या लोणच्याच्या बरण्या आमच्याकडे मुक्कामाला आल्या. पहिली टर्की त्यांनी अख्खी भाजली, दुसऱ्या दिवशी अख्खीच गरम केली आणि आम्हाला वाढली. बाहेरून करपलेली, आत गार, आणि छातीचं मांस असं कोरडं की मी तोंडावर सांगून टाकलं, "यापेक्षा रिफायनरीतलं गॅस्केट मऊ असेल." सुजाताने टेबलाखालून मला लाथ मारली आणि त्यांना म्हणाली, "भावजी, रात्रीचा भात आपण कसा गरम करतो? पाण्याचा हबका मारून, वाफेवर. तसंच करा की."

तसंच केलं त्यांनी. पुढच्या खेपेला टर्की भाजून, निवल्यावर तिचे काप काढले. हाडं उकळून पाणी केलं. दुसऱ्या दिवशी ते काप पसरट पातेल्यात लावले, वर ते पाणी ओतलं, मंद गॅसवर ठेवून झाकणाच्या ताटात पाणी घातलं. शेवटी माणूस इन्स्ट्रुमेंटेशनचा; मधूनमधून मांसात थर्मामीटर खुपसून बघत होता. नोव्हेंबरपर्यंत टर्की अशी मऊ झाली की मी दोनदा मागून घेतली. त्या महिन्यात त्यांनी मेसचा डबा बंद केला, पडदे धुतले, नव्या प्लेटा आणल्या. मला कौतुक वाटत होतं आणि खोटं कशाला बोलू, कीवही येत होती.

नाताळच्या आदल्या दिवशी त्यांनी टर्की भाजून, कापून, डब्यांत भरून ठेवली. नाताळच्या संध्याकाळी आम्हा दोघांनाही जेवायला बोलावलं होतं. आम्ही गेलो तेव्हा उल्हासराव खरोखरच इस्त्रीच्या शर्टात होते. थोड्या वेळाने स्पृहा हिबाकडून आली. आल्या आल्या पर्स टाकली, बाह्या वर केल्या आणि थेट स्वयंपाकघरात शिरली.

"बाबा, व्हॉट कॅन आय डू? बटाटे सोलू?"

"झालेत."

"ग्रेव्ही?"

"तयार आहे. गरम करायची फक्त."

"मग टेबल तरी लावते."

"लावलंय, बेटा. तू बस निवांत. तुला काही म्हणजे काही करायचं नाही."

ती जरा वेळ तिथेच ओट्याला टेकून उभी राहिली. लहानपणी याच ओट्याशी आईच्या पायांत घोटाळत तिने शाळेच्या सगळ्या बातम्या सांगितलेल्या. मग बाहेर येऊन सोफ्यावर बसली. उल्हासराव समोरच्या खुर्चीत. टर्की वाफेवर होती, कुणाच्या हाताला काही काम नव्हतं, आणि बापलेकीला बोलायला काही सुचत नव्हतं. कॅलगरीत थंडी कशी, इथे यंदा थंडी कशी, असं चाललं. सुजाताने बिचारीने लग्नातल्या साड्यांचा विषय काढून वेळ निभावून नेली. जेवण मात्र उत्तम झालं. स्पृहा प्रत्येक घासाला बाबांकडे बघत होती.

शनिवारी दुपारी तिला विमानतळावर सोडायला आम्ही माझ्याच गाडीतून गेलो. सामान देऊन झालं, उल्हासराव कॉफी आणायला गेले आणि मी नि स्पृहा बाकावर बसलो.

"काका, मी खूप घाबरून आले होते," ती म्हणाली. "आय थॉट ही वुड बी अ मेस. आलोकने आणि मी ठरवलं होतं, बाबाला आमच्याकडेच न्यायचं. खालची रूम रिकामी करून ठेवली. मी त्याच संध्याकाळी विचारणार होते. पण तो किती सॉर्टेड आहे, काका! माझी इतकीशी हेल्पसुद्धा लागली नाही त्याला. आता त्याला उचलून त्या बर्फात नेऊन बसवायचं, फक्त मला तो हवाय म्हणून? दॅट्स सेल्फिश ना? तो नाशिकला मस्त राहील."

"अगं पण, स्पृहा," मी म्हणालो. गेली ती शपथ खड्ड्यात, असं मनाशी म्हणून मी पुढचं वाक्य बोलणार, तोच उल्हासराव हातात तीन कप सांभाळत समोर उभे. स्पृहाने उठून त्यांना मिठी मारली. "आय एम सो प्राउड ऑफ यू, बाबा," म्हणाली. डोळे पुसले, आणि आत गेली.

परतताना मी गाडी चालवत होतो आणि मला त्या दोघांचा, स्वतःचा, सगळ्यांचाच संताप येत होता. उल्हासराव म्हणाले, "माझ्याबद्दल काही बोलली का हो?"

"कौतुक करत होती," मी म्हणालो. "बाबाला कसलीच मदत लागत नाही म्हणाली."

त्यांनी माझ्या मांडीवर थाप मारली. त्यांना इतकं खूश मी वहिनी गेल्यापासून पाहिलं नव्हतं.

"म्हणजे पटलं तिला! आता बघा, बोलावते की नाही." आणि लगेच म्हणाले, "प्रतापराव, घाई नसेल तर मॉलला थांबू या का? एखादं जाड जॅकेट बघून ठेवतो. कॅलगरीत उणे तीस असतं म्हणे."

मी इंडिकेटर दिला आणि गाडी मॉलकडे वळवली.