कासिमचाचांचा हत्ती

काचीगुडा स्टेशनावर उतरलो तेव्हा अंग आंबून गेले होते आणि पोटात कावळे ओरडत होते. हैदराबाद हिंदुस्थानात सामील झाल्यावर धाकट्या बहिणीकडे, सुमनकडे, मी पहिल्यांदाच येत होतो. तिने खट्टी दाळ (चिंचेचे आंबट वरण) आणि भात वाढला. आंबटपणाला नावे ठेवत मी पुन्हा पुन्हा भात घेतला.

हात धुताच तिने मला शेजारच्या कासिमचाचांच्या परसात नेले. तिथे विटा, चुना, फुटक्या कपबश्या आणि बांगड्यांच्या तुकड्यांचा भलाथोरला हत्ती उभा होता. चाचा पेशाने शिंपी. ही कला त्यांना कोणी शिकवली नव्हती. हत्तीचे कान त्यांनी सदऱ्याच्या कॉलरसारखे दुमडले होते, ते पाहून मला हसूच आले. पण मग सुमनने हत्तीच्या पोटात शिरायची वाट दाखवली. धामधुमीच्या दिवसांत, हिंदूंच्या घरांवर हल्ले होत होते तेव्हा, ती आत लपली होती. पुढे वारे फिरले आणि मुसलमानांवर पाळी आली, तेव्हा चाचांची सून तिथेच लपली.

एवढ्यात नगरपालिकेचे ओव्हरसियर आले. ते मराठीच होते. परवानगीशिवाय खोली बांधल्याची तक्रार गेली होती.

"कमरा नक्को बोलो साब, हत्ती है ये," चाचा म्हणाले.

"आत माणूस मावतो का?"

सुमनला राहवले नाही. "मावतो म्हणजे? मी राहिले ना जी आत. चाचांमुळे तर जिवंत आहे."

"मग ही खोलीच झाली, बाई. पाडावी लागेल."

सुमन उपकार सांगायला गेली आणि तेच चाचांच्या अंगाशी आले. ओव्हरसियर दारापर्यंत जाऊन थांबले. "पोट मातीने भरून टाका. जागाच उरली नाही, तर नुसती मूर्ती. मी उद्या संध्याकाळी पाहायला येतो."

सकाळी माती आली. पहिली टोपली उचलून चाचा तसेच उभे राहिले.

"भर दिये तो फिर वक्त पडा तो कां छुपते, बेटी?" (भरून टाकले, तर पुन्हा वेळ आल्यावर कुठे लपणार?)

सुमनने त्यांच्या हातातली टोपली घेतली आणि हत्तीच्या पोटात रिकामी केली.

"तुमच्या घरी येईन, चाचा. समोरच्या दाराने."

चाचांनी डोळे पुसले आणि दुसरी टोपली स्वतः ओतली.

संध्याकाळी ओव्हरसियर येऊन 'नुसती मूर्ती' असे लिहून गेले. परतीच्या गाडीत मी नखांतली माती काढत बसलो होतो. चाचांचे आभार मानायचे ठरवले होते, पण टोपल्या तेवढ्या वाहिल्या. आईने वर्षभर लेकीच्या काळजीत काढले आहे. सुमन शेजारी समोरच्या दाराने जाते, हे घरात पाऊल ठेवताच आईला सांगायचे आहे.